निकाल तोच आहे, बाई

आमच्या अकोटच्या कोर्टात एक वकील होते. पक्षकार समोर येऊन बसला आणि त्याने तोंड उघडलं, की ते हाताचा पंजा उभा धरत. भावाने शेताचा धुरा म्हणजे बांध कोरला, काकाने कोऱ्या कागदावर अंगठा घेतला, जे काय असेल ते नंतर. आधी एकच प्रश्न यायचा, "याच्या आंधी कोर्टात गेल्ते काय?" माणूस नाही म्हणाला, तर पंजा खाली यायचा आणि चहा सांगितला जायचा. हो म्हणाला, तर त्या निकालाची नक्कल हातात पडेपर्यंत साहेब त्याचा एक शब्द ऐकून घेत नसत. हिवरखेडहून पहिल्या एस.टी.ने, उपाशीपोटी आलेला माणूस असला तरी त्याला उठवून माझ्या खिडकीशी पाठवत.

माझी खिडकी म्हणजे नक्कल विभागाची. जुन्या निकालांच्या प्रती काढायच्या, त्या मुळाशी ताडून पाहायच्या, शिक्का मारायचा आणि खिडकीतून बाहेर सरकवायच्या, हे काम मी उभी हयात केलं. प्रत ताडून पाहण्याला आम्ही रुजवात म्हणतो. एकीने मूळ कागद मोठ्याने वाचायचा, दुसरीने प्रतीवर बोट फिरवायचं. पहिल्या अक्षरापासून शेवटच्या सहीपर्यंत काही सोडायचं नाही. मी तोंडाची फटकळ, पण रुजवातीत माझी चूक कोणी काढली नाही, याचा मला फार गर्व होता. साहेब मला नक्कलबाई म्हणत. पुढे सगळं कोर्टच तसं म्हणायला लागलं आणि माझं खरं नाव पगारपत्रकापुरतं उरलं.

साहेबांना सगळे अकरावाले म्हणत, ते दिवाणी कायद्यातल्या अकराव्या कलमावरून. कायद्याच्या भाषेत त्याला पूर्वन्याय म्हणतात. त्याच माणसांमध्ये त्याच गोष्टीवरून कोर्टाने एकदा काही ठरवलं, की ते भांडण नवा दावा लावून पुन्हा आणता येत नाही. निकाल पटला नसेल तर मुदतीत वरच्या कोर्टात अपील करा. मुदत गेली, की तो निकाल चुकीचा असला तरी कायमचा. साहेब पक्षकाराला हे एका वाक्यात समजावत, "कोर्ट एकदाच ऐकते भाऊ, म्हणून पयल्याच खेपेले सारं सांगा." हे सांगताना ते त्याच्याकडे बघत नसत. त्यांचं लक्ष फाटकाकडे असायचं.

या एका कलमावर त्यांनी किती दावे जिंकले, याला गणती नाही. समोरचा वकील दोन-दोन तास बोलायचा, साक्षीदारांची रांग बाहेर बसवून ठेवायचा. हे शांत बसून राहत आणि शेवटी माझ्याकडून नेलेली, कडा पिवळ्या पडलेल्या निकालाची नक्कल टेबलावर ठेवत. दावा तिथल्या तिथे संपायचा. मग पक्षकार आनंदाने पेढे घेऊन यायचा. इतर दाव्यांचे पेढे साहेब खात, चांगले दोन-दोन खात. अकराव्या कलमावर जिंकलेल्याचा पेढा मात्र त्यांनी कधी हातात धरला नाही. मी एकदा डबा समोर धरला तर म्हणाले, "नक्कलबाई, तो समोरचा माणूस आत काय सांगणार होता, ते कोणी ऐकलंच नाही. पेढे कशाचे?" मला तेव्हा तो शहाणपणाचा आव वाटला. मी दोन पेढे खाल्ले आणि कामाला लागले.

दरवर्षी उन्हाळी सुट्टीच्या आदल्या दिवशी त्यांचा एक अर्ज माझ्या खिडकीत हमखास यायचा. मुकदमा तोच, निकाल तोच. पहिली तीन-चार वर्षं मी मुकाट्याने नक्कल काढून दिली. पुढे माझ्याच्याने राहवेना. मी विचारलं, साहेब, मागच्या वर्षीची हरवली का, की उंदरांनी नेली? ते म्हणाले, "वाचून वाचून झिजली." मला वाटलं, म्हातारपणी माणसाला एकेक खूळ लागतं, त्यातलंच हे एक. खरं तर तेव्हा ते पन्नाशीचेही नव्हते.

त्या मुकदम्यातली बाई मी दर बाजाराला बघत होते आणि मला पत्ता नव्हता. कोर्टाच्या आवारात कडुनिंबाखाली साहेबांचं टेबल, आणि टेबलापुढे एक बाकडं. अकोटच्या बाजाराच्या दिवशी दुपारी तीनच्या सुमारास एक बाई यायची. अंजनगाव सुर्जीकडच्या एका खेड्यात भावाच्या घरी राहायची. हातात भाजीची पिशवी, डोक्यावरून पदर, कपाळ मोकळं. साहेब न्यायाधीशांखेरीज कोणासाठी खुर्ची सोडत नसत, पण ती फाटकातून आत शिरली की ते उठून उभे राहत. ती बाकड्यावर टेकायची, घाम पुसायची आणि विचारायची, "साहेब, आता तं बदलला असन ना निकाल?" साहेब उभ्या उभ्याच म्हणत, "निकाल तोच आहे, बाई." ती मान हलवायची, माठातलं पाणी प्यायची आणि शेवटची गाडी सापडावी म्हणून निघायची. ती फाटकाबाहेर गेल्यावर साहेब खाली बसत. ना तिने कधी आवाज चढवला, ना त्यांनी कधी टाळलं. बाकीचे वकील गालात हसत आणि मीही हसायची. त्याची आज लाज वाटते.

तिची गोष्ट मला कळली ती जुने कागद नष्ट करायची यादी निघाली तेव्हा. कोर्टात निकाल आणि हुकूमनामा कायम जपून ठेवतात, पण साक्षी, जबाब, दाखले असे कागद ठरावीक वर्षांनी फाडून टाकतात. यादीत साहेबांचा तो मुकदमा दिसला म्हणून मी त्यांना सहज बोलले. म्हटलं, तुमच्या लाडक्या केसचे जबाब उद्या जाणार बरं का. त्यांचा चेहराच उतरला. त्यांनी रीतसर अर्ज केला, पाहणीची परवानगी घेतली आणि माझ्यासमोर बसून तो गठ्ठा सोडला. त्यातला दोन पानांचा एक जबाब ते फार वेळ वाचत राहिले. मग पान माझ्याकडे सरकवून म्हणाले, हे वाचा.

जबाब सुभद्राबाईचा होता. म्हणजे त्या बाकड्यावरच्या बाईचा. पहिला नवरा लहानपणीच गेला. पुढे नामदेव नावाच्या शेतकऱ्याशी तिचा पाट लागला. पाट म्हणजे विधवेचं दुसरं लग्न. त्याला मांडव नाही, वाजंत्री नाही, दिवेलागणीला चार माणसांत उरकायचं. 'घरात समई होती. भगतबुवाने धोतराला पदर बांधला. गूळ वाटला. मी बारा वर्षे नांदले,' असं त्या जबाबात होतं. नामदेव वारला तसे दीर म्हणाले, कोणता पाट आणि कसला पाट, ही आमच्या भावाने ठेवलेली बाई. वावरातून काढलं, घरातून काढलं. ती अकोटला एका तरुण वकिलाकडे आली.

तो तरुण वकील म्हणजे हेच साहेब. सनद घेऊन दोन वर्षं झाली होती आणि अंगात रग होती. त्या संध्याकाळी हजर असलेला भगतबुवा आणि एक म्हातारी, दोघंही जिवंत होते, साक्षीला यायला तयार होते. साहेबांनी त्यांना बोलावलंच नाही. बारा वर्षं नांदलेली बाई, रेशनकार्डावर नाव, गावाला माहीत, यात आणखी सिद्ध काय करायचं, असं त्यांना वाटलं. न्यायाधीशांना तसं वाटलं नाही. दिरांनी शपथेवर पाट नाही म्हणून सांगितलं होतं आणि इकडून तिच्याखेरीज एकही साक्षीदार नव्हता. 'वादी ही मयत नामदेव याची लग्नाची पत्नी असल्याचे सिद्ध होत नाही' असा निकाल झाला. त्या न्यायाधीशांना मराठीतच निकाल लिहायची हौस होती, त्यामुळे तो वाचायला कोणालाच अडचण आली नाही. दिरांनी तो गावात चावडीवर वाचून दाखवला.

"इथपर्यंतची चूक कोणाचीही होते," साहेब मला म्हणाले. "पुढची माझी." तिचा भाऊ अपील करायचं म्हणत होता. साहेबांनी त्याला गप्प केलं. अपिलात नवे साक्षीदार घेत नाहीत, त्यापेक्षा आपण नवा दावा लावू, दोन्ही साक्षीदार उभे करू आणि दिरांना तोंडघशी पाडू, असं त्यांनी छातीठोक सांगितलं. अपिलाची मुदत निघून गेली. नवा दावा लागला. भगतबुवा पांढरं धोतर नेसून कोर्टाच्या पायरीवर सकाळपासून बसले होते. समोरच्या वकिलाने पहिल्या निकालाची नक्कल टेबलावर ठेवली. कलम अकरा. भगतबुवांना आत बोलावण्याची वेळच आली नाही. ते संध्याकाळी पायरीवरून उठून घरी गेले. साहेबांनी नंतर वरची सगळी दारं ठोठावली, उशीर माफ करा म्हणून हात जोडले. कुठेच काही झालं नाही. कायद्याची ती ओळ त्यांनी परीक्षेसाठी पाठ केली होती आणि ऐन वेळी त्यांना ती आठवली नव्हती.

मी पान परत गठ्ठ्यात ठेवलं. शेवटी काहीतरी बोलायचं म्हणून म्हटलं, साहेब, जबाबाची नक्कल तरी काढून ठेवते. ते म्हणाले ठेवा. मी नक्कल काढली, रुजवात केली, शिक्का मारला. दुसऱ्या दिवशी मूळ पानं फाटली. समई, धोतराचा पदर, गूळ, सगळं गोणीत भरून गेलं. 'सिद्ध होत नाही' तेवढं कपाटात राहिलं.

त्यानंतर मात्र मी बाजाराच्या दिवशी तीन वाजता खिडकीतून मान बाहेर काढून बघू लागले. एकदा मीच चहा घेऊन बाकड्यापाशी गेले. सुभद्राबाई थकली होती, पायांना सूज होती. साहेब तिला सांगत होते, आता एवढ्या लांबून येत जाऊ नका, वावर काही परत मिळणार नाही. तिने चहाची बशी खाली ठेवली. "वावर गेलं तं गेलं साहेब. वावर कोन मांगून राहिलं? कोर्टानं मले ठेवलेली केलं, थे खोडून द्या. तेवढ्यासाठी येऊन राहिली मी." ती थोडं थांबली आणि तिने नेहमीचा प्रश्न विचारला. साहेबांनी नेहमीचं उत्तर दिलं. तिने मान हलवली आणि पाणी पिऊन गेली. साहेबांनी तिला ठेवलेली केलं असं ती एकदाही म्हणाली नाही. म्हणाली असती तर त्यांना बरं वाटलं असतं, असं मला वाटतं.

मग एका हिवाळ्यात ती यायची थांबली. दोन-तीन बाजार असेच गेले. तिच्या भावाची सून काही कामाने कोर्टात आली तेव्हा तिने सांगितलं, आत्या गेली. शेवटी शेवटी तिचं बोलणं तुटक झालं होतं, तरी बाजाराचा दिवस कोणता ते विचारायची. साहेबांनी मान खाली घालून ऐकून घेतलं, टेबलावरचे कागद आवरले आणि त्या दिवशी उरलेल्या तारखा दुसऱ्या वकिलावर सोपवून घरी गेले.

पुढच्या बाजाराला मी खिडकीत होते. तीन वाजले. साहेब एका पक्षकाराशी बोलत होते. बोलता बोलता ते उठून उभे राहिले. फाटकाकडे बघत होते. पक्षकार गोंधळून तोही उभा राहिला. फाटकात कोणी नव्हतं. साहेब मिनिटभर तसेच उभे होते. मग हळू आवाजात, पण स्पष्ट म्हणाले, "निकाल तोच आहे, बाई," आणि खाली बसले. त्यानंतर प्रत्येक बाजाराला हे घडत राहिलं. हळूहळू त्या बाकड्यावर त्या दिवशी तीन वाजता कोणी बसेनासं झालं. कोणी कोणाला मनाई केली नव्हती.

डोळे अधू झाल्यावर साहेब वकिली सोडून अकोल्याला मुलाकडे राहायला गेले. माझीही शेवटची बदली अकोल्याला झाली. निवृत्तीला महिना राहिला होता तेव्हा त्यांचा फोन आला. उन्हाळी सुट्टी जवळ आली आहे, नक्कल हवी आहे. आता मात्र मी हात टेकले. तरी अकोटच्या कचेरीत सांगून मी नक्कल मागवली, शिक्का तपासला आणि एका सकाळी त्यांच्या खोलीवर घेऊन गेले. कुलर लावलेला होता तरी खोली तापलेली होती. भिंतीलगत लाल फडक्यात बांधलेली बासनं रचून ठेवली होती, दर सुट्टीचं एक. साहेब म्हणाले, एखादं सोडून बघा.

मी सोडून बघितलं. प्रत्येक बासनात एक अख्खा मुकदमा होता. कोर्ट बंद असायचं त्या महिन्यात हा माणूस सुभद्राबाईचा नवा दावा लिहायचा, दरवर्षी वेगळ्या मुद्द्यावर, वेगळ्या वाटेने. मग कागद उलटून दिरांचा जबाब लिहायचा, तोही मन लावून, पडती बाजू न ठेवता. आणि शेवटी न्यायाधीश होऊन निकाल लिहायचा. मी एकामागून एक बासनं सोडली. प्रत्येकाच्या शेवटच्या पानावर कलम अकरा होतं आणि त्याखाली 'दावा फेटाळण्यात येतो' होतं. मी चिडूनच म्हटलं, साहेब, निकाल तुमच्याच हातात होता ना, एकदा तरी मंजूर करायचा होता. ते म्हणाले, "खोटा निकाल तिला कसा द्यायचा?"

यंदा त्यांना दिसत नव्हतं म्हणून मी वाचायचं आणि लिहायचंही. त्यांनी सांगितलं, वरची नावं-गावं सोडा, 'मुद्दे' पासून वाचा. पण माझी सवय रुजवातीची. पहिलं अक्षर सोडून वाचायला माझी जीभच वळत नाही. मी अगदी वरून सुरू केलं. न्यायालयाचं नाव, मुकदम्याचा क्रमांक, आणि मग वादीचं नाव. "सुभद्राबाई बेवा नामदेव, धंदा शेती." वादीच्या गावापर्यंत पोचले तर साहेबांचा पंजा वर झालेला.

"पुन्हा वाचा," ते म्हणाले.

बेवा म्हणजे विधवा. आमच्या वऱ्हाडातल्या कोर्टात बाईचं नाव असंच लिहितात, नवरा असेल तर जौजे, नसेल तर बेवा. दावा लावताना वकील जसं नाव लिहून देतो तसं ते निकालाच्या डोक्यावर येतं. ते ना वकील वाचतो, ना न्यायाधीश. मी पुन्हा वाचलं. सुभद्राबाई बेवा नामदेव. नामदेवची विधवा सुभद्राबाई. जो निकाल म्हणत होता की ती नामदेवची कोणी नव्हे, त्याच निकालाच्या डोक्यावर, कोर्टाच्या गोल शिक्क्यानिशी.

साहेबांनी विचारलं, शिक्का आहे ना? मी म्हटलं आहे. सही? आहे. हा कागद कधी फाडतात का? मी म्हटलं, नाही साहेब, निकाल कायमचा. त्यांनी कागदावरच्या शिक्क्यावर अंगठा फिरवला. मग म्हणाले, "ते मीच लिहून दिलं होतं. पहिल्या दाव्यात. तेवढं एक मी बरोबर लिहिलं होतं." लगेच त्यांच्यातला वकील जागा झाला आणि ते म्हणाले, अर्थात कायद्याने याला काही किंमत नाही, याने काही सिद्ध होत नाही. आणि मग माझ्याकडे वळले. "पण ती कुठे कायदा विचारत होती, नक्कलबाई? तिला हे कोणी वाचून का नाही दाखवलं?"

त्यांनी तो प्रश्न स्वतःला विचारला होता, हे मला कळत होतं. पण खोलीत दुसरी मीच होते. ते 'मुद्दे' पासून वाचणारे वकील, त्यांना क्षमा आहे. मी पहिल्या अक्षरापासून वाचणारी. दरवर्षी सुट्टीच्या आदल्या दिवशी ते नाव मी कधी मोठ्याने वाचलं, कधी त्याच्यावर बोट फिरवलं, बरोबर आहे म्हणून शिक्का मारला. माझ्या खिडकीपासून त्या बाकड्यापर्यंत वीस पावलं असतील. चहा घेऊन मी तिथपर्यंत गेले होते.

त्या सुट्टीत साहेबांनी दावा लिहिला नाही. पोळ्याच्या आधी ते गेले. मुलाने बासनं मला दिली, ती माझ्या दिवाणखाली आहेत. मध्यंतरी पेन्शनच्या एका कागदासाठी मला अकोटला जावं लागलं. बसमधून उतरले तर बाजाराचा दिवस. काम आटपून कडुनिंबाखालच्या बाकड्यावर जरा टेकले. शेजारी दोन शेतकरी आपल्या तारखेची वाट बघत होते. त्यांना त्या बाकड्याचं काही माहीत नसावं. त्या शेवटच्या नकलेची घडी माझ्या पर्समध्ये असते. कचेरीतल्या घड्याळात तीन वाजले आणि मी उठून उभी राहिले. फाटकातून ऊन आत येत होतं. मी घडी उघडली आणि पहिल्या ओळीपासून तिचं नाव वाचलं, रुजवातीला वाचायची तसं, मोठ्याने.

शेजारचा शेतकरी माझ्याकडे बघायला लागला. "बसा ना मावशी, जागा हाय. काहून उभ्या राहिल्या? कोनी येनार हाय काय?"

मी नाही म्हटलं, आणि तरी बसले नाही.